भगवंतरावांचे पाहुणे

रहाटगाव सोडून मोर्शी रोडला लागलं की डाव्या हाताला एक टिनाचं शेड लागतं आणि शेडला चिकटून तीन खोल्यांचं घर. घरावर पाटी नाही. रस्त्यात कुणाला विचारायचं झालं तर ‘कुत्रेवाले अढाऊ’ असं विचारावं लागतं, आणि ते नाव भगवंतरावांना मुळीच आवडत नाही.

“मी ड्रेसर हाय,” ते म्हणतात. “सरकारी कागदावर व्रणोपचारक. बत्तीस वर्सं त्याच नावानं पगार उचलला.”

मी त्यांची कुणी नातेवाईक नाही. मी अमरावतीच्या एका शाळेत भूगोल शिकवते. माझा नवरा केदार कोर्टात वकिली करतो. आमची मुलगी अश्लेषा या गोष्टीच्या वेळी दहा वर्षांची होती. भगवंतरावांची आणि आमची ओळख झाली ती आमच्या कुत्रीमुळे, आणि आज त्यांचं नाव निघाल्याशिवाय आमच्या घरात एक आठवडा जात नाही.

त्यांचं मूळ गाव तेल्हाऱ्याजवळ. घरची कपाशीची शेती, भाऊ चार. सगळ्यांत धाकटे भगवंतराव पशुसंवर्धन खात्यात लागले आणि पहिलीच नेमणूक मिळाली धारणीला. तिथल्या दवाखान्यात डॉक्टर असले तर असायचे, ड्रेसर मात्र रोज. नांगराचा फाळ लागलेला बैल, जुवानं खांदा सुजलेला बैल, बिबट्याच्या पंज्यातून सुटलेली शेळी. जखम धुवायची, अळ्या काढायच्या, पट्टी बांधायची. जीप मिळाली तर जीपनं, नाहीतर पायी. पुढे मोर्शी, मग अमरावती. एवढ्या वर्षांत कुत्रा म्हणून पेशंट त्यांच्यापुढे दहा-बारा वेळाही आला नसेल.

“कुत्र्याले दवाखान्यात आनतात हेच लोकायले मालूम नव्हतं,” ते सांगतात. “खरं सांगू, मलेही नव्हतं.”

निवृत्त झाल्यावर त्यांनी हे घर बांधलं. शेड बांधलं ते दोन म्हशी घ्यायच्या म्हणून. म्हशी काही आल्या नाहीत. त्याआधी २०२१ चा फेब्रुवारी आला आणि अमरावतीत पुन्हा टाळेबंदी लागली. शेजारच्या प्लॉटवर आचल मोहोड नावाची नर्स आई-वडिलांसह राहायची. तिघांनाही कोरोना झाला, तिघांनाही नेलं, आणि घरामागे साखळीला बांधलेला काळू तसाच राहिला. आचलनं दवाखान्यातून भगवंतरावांना फोन केला. रडत होती. म्हणाली, “काका, आम्हाले कोणी विचारो ना विचारो, त्याले पानी तरी द्या.”

भगवंतराव मागच्या वाटेनं गेले, काळूला लांब दोरीनं बांधून शेडात घेऊन आले. त्यांच्या पत्नी लीलाबाई तोंडाला पदर लावून दारात उभ्या राहिल्या. बावीस दिवस काळू तिथे राहिला. आचल आई-वडिलांसह बरी होऊन आली, तेव्हा तो तिच्याकडे पाहून भुंकला आणि लीलाबाईंच्या मागे जाऊन उभा राहिला. आचलनं ही गोष्ट हॉस्पिटलभर सांगितली. मग कुणाची बदली, कुणाचं बाळंतपण, कुणाचं चारधाम. लोक आपापले कुत्रे घेऊन त्या शेडापुढे येऊ लागले.

या कुत्र्यांना भगवंतराव ‘पाहुणे’ म्हणतात. दुसरे ‘घरचे’. घरचे म्हणजे हायवेवर गाडीखाली आलेले, मालक नसलेले, कुणीतरी पोत्यात घालून फाटकाशी आणून ठेवलेले. दोघांच्या ताटल्या वेगळ्या, माया एकच. दुपारी लीलाबाई टीव्हीवर कुत्र्यांचे कौटुंबिक सिनेमे लावून बसतात. शेवटी कुत्रा आणि घरचे एकमेकांना भेटले की त्यांच्या डोळ्यांना धारा लागतात. भगवंतराव शेडातून ओरडतात, “बंद कर वो थे! या सिनेमातल्या कुत्र्याले कधी जुलाब होत नाई, कधी गोचीड लागत नाई. मंग थो कुत्रा कायचा!”

आमची बुंदी म्हणजे तपकिरी अंगाची, पांढऱ्या पायांची गावठी कुत्री. अश्लेषानं तिला शाळेजवळच्या नाल्यातून उचलून आणलं होतं. बुंदी भित्री. कुकरच्या शिट्टीला पलंगाखाली जायची. २०२३ च्या मे महिन्यात आम्हाला पुण्याला केदारच्या बहिणीकडे मुंजीला जायचं होतं, म्हणून आम्ही तिला पहिल्यांदाच भगवंतरावांकडे ठेवलं. ते जवळ आले नाहीत. लांबून तिच्याकडे पाहत मला विचारत होते आणि वहीत लिहून घेत होते. काय खाते, कशाला भिते, झोपते कुठे.

निघालो. कोपऱ्यावर आल्यावर अश्लेषाच्या लक्षात आलं की बुंदीची चादर गाडीतच राहिली. केदार चादर घेऊन पळत गेला आणि दोन मिनिटांत कानाला फोन लावलेला परत आला. आम्ही बडनेरा स्टेशनवर दुपारची पुण्याची गाडी पकडली.

मूर्तिजापूर गेलं असेल नसेल, माझा फोन वाजला.

“ताई, मी भगवंत बोलून रायलो. तुमची बुंदी निंगून गेली. रोडनं लग्नाची वरात चालली होती, डीजे वाजला आन थे फाटकातून सुटली. दीड तास झाला. मी अगुदर पाहून घेतलं, मंग फोन केला. चूक माही हाय.”

आम्ही अकोल्याला उतरलो. ऊन असं की प्लॅटफॉर्मवर सावलीतसुद्धा उभं राहवत नव्हतं. स्टँडवर येऊन मिळेल ती एसटी धरली आणि दिवस मावळायच्या आत परत भगवंतरावांच्या फाटकाशी उभे राहिलो. ते नुकतेच मोपेडवरून उतरले होते. सदरा अंगाला चिकटला होता, पायांवर धूळ गुडघ्यापर्यंत.

केदारचा आवाज चढला. “तुमच्या भरवशावर आम्ही मुकं जनावर ठेवलं. एक फाटक नीट लावता येत नाही तुम्हाला?”

“बरोबर हाय तुमचं, वकीलसाहेब,” भगवंतराव म्हणाले.

लीलाबाई काहीतरी बोलायला पुढे झाल्या. भगवंतरावांनी त्यांच्याकडे नुसतं पाहिलं. त्या थांबल्या आणि आत जाऊन अश्लेषासाठी पाणी घेऊन आल्या.

दुसऱ्या दिवसापासून शोध सुरू झाला. बुंदीचा फोटो छापून आम्ही पेट्रोलपंपावर, चहाच्या टपऱ्यांवर, शाळांच्या भिंतींवर लावला. भगवंतरावांनी त्यात एक वेगळी गोष्ट केली. सकाळी गावांकडून अमरावतीत येणाऱ्या प्रत्येक दूधवाल्याला त्यांनी रस्त्यात थांबवलं आणि कॅनला फोटो चिकटवून दिला. मला म्हणाले, “पोलिसायपेक्षा दूधवाला बरा. रोज त्याच रस्त्यानं जाते, तांबडं फुटल्या फुटल्या जाते, आन त्याच वेळी कुत्रं बाहेर निंगते.”

पासष्ट वर्षांचा तो माणूस पहाटे पाचला निघायचा, दहाला यायचा, शेडातल्यांचं खाणंपिणं करून ऊन उतरलं की पुन्हा निघायचा. आम्ही आमच्या गाडीनं वेगळे फिरत होतो. केदार त्यांच्याशी बोलत नव्हता.

घरी अश्लेषा रोज आमचं फाटक उघडं ठेवायची. मी बंद करायची, ती पुन्हा उघडायची. तिनं सुट्टीत एक सिनेमा पाहिला होता. त्यातला कुत्रा कितीतरी कोसांवरून स्वतःच वास काढत घरी येतो, आणि मुलगी धावत जाऊन त्याला मिठी मारते. “बुंदी येईल, आणि फाटक बंद असलं तर?” असं ती म्हणाली की मी कडीवरचा हात काढून घ्यायची.

पाचव्या दिवशी जेवताना केदारनं घास खाली ठेवला.

“रमा, फाटक मी उघडं ठेवलं.”

तो सांगत गेला. चादर घेऊन गेला तेव्हा एका पक्षकाराचा फोन आला. बोलता बोलता त्यानं चादर आतल्या भिंतीवर टाकली आणि तसाच परत फिरला. कडी लावल्याचं त्याला आठवत नव्हतं. पहिले दोन दिवस तो स्वतःची समजूत घालत होता की लावली असेल. मग समजूत पटेना.

सकाळी आम्ही दोघं भगवंतरावांकडे गेलो. ते एका घरच्या कुत्र्याच्या पायाची पट्टी सोडत होते. केदारनं उभ्या उभ्या सगळं सांगून टाकलं. भगवंतरावांनी मान वर केली नाही.

“मले पहिल्याच दिवशी समजलं,” ते म्हणाले. “चादर भितीवर होती. आमी दोघंही तं फाटकापाशी गेलोच नव्हतो.”

“मग तुम्ही बोलला का नाहीत? मी तुम्हाला काय काय बोललो त्या दिवशी!”

“बोलून का झालं असतं? पोरगी उभी होती तिथं. तिच्या बापानं कुत्री घालवली हे तिले त्या वक्ताले कशाले सांगा? आन माह्या घरी ठेवलेलं जनावर हाय, फाटक पाहनं माहंच काम व्हतं. मी नाई पाह्यलं.” मग पट्टीची गुंडाळी बाजूला ठेवून म्हणाले, “एक गोष्ट सांगतो, वकीलसाहेब. एकमेकायसंग न बोलनारे दोन मानसं शोधाच्या कामाचे नसतात. बसा मोपेडवर मांगं.”

त्या दिवसापासून केदार त्यांच्या मागे बसून फिरला. कोर्टाला सुट्टीच होती. उपरणं डोक्याला गुंडाळलेला माझा नवरा गावोगाव कुत्रीचा फोटो दाखवत हिंडतो आहे हे मी लग्नाच्या चौदा वर्षांत पहिल्यांदा पाहिलं.

नवव्या दिवशी सकाळी एका दूधवाल्याचा फोन आला. माहुलीच्या अलीकडे सुभद्राबाई लुंगे यांचा संत्र्यांचा बगीचा आहे. तिथे पांढऱ्या पायांची एक कुत्री तीन-चार दिवसांपासून दिसते. आंबिया बहाराचा, म्हणजे उन्हाळ्यात फळं वाढणारा बगीचा, त्यामुळे भर मे महिन्यात ठिबक चालू आणि झाडांखाली ओल. बुंदी त्या ओलीवर येऊन पडली होती.

आम्ही तिघं धावत गेलो. बुंदीच होती. हाडं दिसत होती, एक कान फाटला होता. अश्लेषानं “बुंदी!” म्हणून हाक मारली आणि ती आमच्याकडे न पाहता अशी पळाली की झाडांच्या तीन ओळींपलीकडे दिसेनाशी झाली.

अश्लेषाचा चेहरा मी विसरणार नाही. नऊ दिवसांत ती रडली नव्हती. तिथे बांधावर बसून रडली.

भगवंतराव मागून आले. तिच्या शेजारी मातीत बसले.

“आजोबा, तिनं मला ओळखलंच नाही. सिनेमात तर धावत येतो.”

“सिनेमातल्या कुत्र्याले कोनी नऊ दिवस दगड मारलेले नसतात, बाई,” ते म्हणाले. “भेलेला जीव सोताचं नावही इसरते. तुले इसरली नाई थे. थांबली नाई फक्त. पयत्याच्या मांगं आपन पयलो का त्याले वाटते धराले आले. आता कोनी पयाचं नाई, हाक माराची नाई. घरी जा, आन तू कालपासून घातलेला फ्रॉक धुता मले आनून दे.”

“धुता?”

“न धुता, न धुता,” ते हसले. “पाह्य, मीच भेलो, शब्दही इसरलो.”

धारणीला असताना नत्थुजी नावाच्या एका गुराख्याकडून ते एक गोष्ट शिकले होते, ती त्यांनी आम्हाला त्या बांधावर सांगितली. वाघाच्या वासानं बुजलेली कालवड चार दिवस कुणाला हात लावू देईना. नत्थुजी तिच्याजवळच्या झाडाखाली जाऊन तिच्याकडे पाठ करून बसला. तंबाखू मळत, गाणं गुणगुणत, दिवसभर. संध्याकाळी कालवड त्याच्या पाठीशी येऊन उभी राहिली. “डोये पाह्यले का जनावर भेते,” भगवंतराव म्हणाले. “पाठीले भेत नाई.”

तीन दिवस त्यांनी तेच केलं. अश्लेषाचा फ्रॉक एका झाडाखाली पसरला, बाजूला पाणी आणि सुभद्राबाईंच्या घरची ज्वारीची भाकर दुधात कुस्करून ठेवली, आणि आपण बारा हात लांब, पाठ करून बसले. सकाळी सहा ते दहा, संध्याकाळी पाच ते अंधार पडेस्तोवर. आम्हाला त्यांनी बगीच्याच्या आत येऊ दिलं नाही. पहिल्या दिवशी बुंदीनं भाकर खाल्ली नाही. दुसऱ्या दिवशी ते उठून गेल्यावर खाल्ली. तिसऱ्या दिवशी ते बसले असतानाच खाल्ली आणि फ्रॉकवर जाऊन निजली.

“उद्या पोरीले आना,” त्यांनी फोनवर सांगितलं. “मी दोरी लावू शकतो. पन थे माह्या हातात आली तं धरल्यासारखी येईन. पोरीकडे आपल्या पायानं येऊ द्या.”

चौथ्या दिवशी सकाळी अश्लेषा त्या झाडाखाली पाठ करून बसली. तिच्या बाजूला थोड्या अंतरावर भगवंतराव. मी, केदार आणि सुभद्राबाई पाण्याच्या मोटारीच्या खोलीआड उभे. मुंग्या चढत होत्या ते मला लांबूनही कळत होतं, कारण अश्लेषा मधेच पाय चोळायची. पण मान वळवली नाही. वर्गात दहा मिनिटं जागेवर न बसणारी माझी मुलगी तिथे दीड तास बसली.

बुंदी आली ती वळसा घालत. दोन पावलं, मग थांबणं. पुन्हा दोन पावलं. अश्लेषाच्या मानेपाशी तिनं नाक नेलं. अश्लेषाचे खांदे हलू लागले, पण आवाज निघाला नाही.

“हात खाली सोड,” भगवंतराव पुटपुटले. “पाहू नको अजून.”

अश्लेषानं हात मातीत ठेवला. बुंदीनं तो हुंगला, चाटला, आणि मग अख्खी कुत्रीच तिच्या मांडीवर येऊन पडली. तेव्हा कुठे भगवंतरावांनी दोरीचा सैल फास तिच्या गळ्यात सरकवला.

केदार खोलीआड भिंतीला डोकं टेकून उभा होता. सुभद्राबाई त्याला म्हणाल्या, “रडा भाऊ, कोनी पाहून नाई रायलं.”

बुंदीचे चारही तळवे तापलेल्या काळ्या मातीनं आणि डांबरानं भाजले होते. भगवंतरावांनी तिथेच, मोटारीच्या पाण्यात लाल औषध कालवून ते धुतले. अंगावरच्या गोचिड्या एकेक करून काढल्या. पट्ट्या बांधताना त्यांचे हात पाहत होते मी. प्रत्येक गाठ नेमकी बसत होती. पट्टी बांधून झाली तेव्हा ते हातपाय पसरून तिथेच सावलीत आडवे झाले आणि दोन तास झोपले. त्यांच्या चेहऱ्यावर ऊन येईल तसं केदार छत्री सरकवत बसला.

पट्ट्या बदलायला महिनाभर आम्ही एक दिवसाआड त्यांच्याकडे जात होतो. महिना संपला, जाणं संपलं नाही. रविवारी अश्लेषा शेडात पाणी भरते, केदार त्यांच्या फाटकाला आपोआप लागणारी कडी बसवून आला, आणि मी लीलाबाईंबरोबर सिनेमे पाहते. मीही रडते.

यंदा मार्चमध्ये भगवंतरावांच्या दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया ठरली. एकामागून एक, मधे पंधरा दिवस. धूळ, पाणी, वाकणं सगळं बंद. त्यांनी कुणाला काही सांगितलं नव्हतं. लीलाबाईंनी आचलला सांगितलं, आचलनं आम्हाला, आणि आमच्या फोनमध्ये त्यांच्या पाहुण्यांच्या मालकांची जेवढी नावं होती तेवढ्यांना आम्ही कळवलं. शेडात तेव्हा चौदा घरचे होते. दोन दिवसांत चौदाही जणांची सोय लागली. मोर्शीहून एक मास्तर आले आणि तीन पायांच्या राणीला घेऊन गेले. अकोल्याहून एक म्हातारं जोडपं रिक्षा ठरवून आलं. सुभद्राबाईंनी दोन नेले.

आमच्या वाट्याला मंगळू आला. म्हातारा, एका कानानं बहिरा. बुंदीनं त्याला पहिल्या दिवशी गुरकावून पाहिलं. त्याला ऐकूच गेलं नाही, म्हणून तिनं नाद सोडला.

शस्त्रक्रियेच्या दुसऱ्या दिवशी पट्टी बांधलेल्या डोळ्यानं त्यांचा फोन आला. “ताई, मंग्यानं खाल्लं का?”

“खाल्लं. आता केदारच्या टेबलाखाली झोपलाय, अशिलांच्या कागदांवर.”

“कानात औषध टाकलं?”

“टाकलं. तुम्ही पडून राहा हो.”

“पडूनच हाव. लीला उठूच देत नाई.” मग म्हणाले, “शेडात आवाज नाई कोनाचाच. झोप येत नाई, ताई.”

त्या संध्याकाळी केदार मंगळूला गाडीत घालून घेऊन गेला, नुसता भेटवायला. दुसऱ्या दिवशी सुभद्राबाई त्यांच्याकडचे दोघं घेऊन गेल्या. मग रोज कुणी ना कुणी जाऊ लागलं. लीलाबाई घराच्या उंबऱ्यावर उभ्या राहून वेळ सांगायच्या, पाव तास, जास्त नाही, आणि भगवंतराव काळा चष्मा लावून खुर्चीत बसून हातानं चाचपून कुत्रा ओळखायचे.

दीड महिन्यानं ते स्वतः मंगळूला न्यायला आले. मी चहा केला. दोन वर्षं मनात ठेवलेलं मला त्यांना सांगायचं होतं. त्यांनी बुंदी आणून दिली त्याबद्दल, आणि त्याहून जास्त, त्या पहिल्या दिवशी माझ्या मुलीसमोर ते गप्प राहिले त्याबद्दल. मी सुरुवात केली. त्यांनी कप बशीत ठेवला, चष्मा पुसला, आणि म्हणाले, “ताई, याच्या कानात अजून थोडा मय हाय. दवाई आठ दिवस चालू ठेवा लागीन.”

मी तिथेच थांबले. त्यांना कळलं होतं.

केदार त्यांना आणि मंगळूला सोडायला गाडी घेऊन गेला. अर्ध्या तासाचं काम. तीन तासांनी परत आला, शर्टाच्या बाह्या कोपरापर्यंत लाल औषधानं रंगलेल्या. फाटकाशी कुणीतरी पोत्यात घालून एक पिल्लू ठेवून गेलं होतं, आणि भगवंतरावांना अजून जवळचं नीट दिसत नव्हतं, म्हणून ते सांगत गेले आणि केदारनं पट्टी बांधली.